कुर्ल्यांचे पाय, वाफेवर

रविवार, रात्र

आमच्या घरात कुर्लीच्या (खेकड्याच्या) पायांना कधी मान नव्हता. डेंगे, म्हणजे पुढच्या जाड नांग्या, पाहुण्यांना नाहीतर पुरुषांना, मधलं धड दोन तुकडे करून बाकी सगळ्यांना, आणि पाय सरळ मिक्सरला, मिक्सर नव्हता तेव्हा पाट्यावर. ठेचायचे, थोडं पाणी घालून पिळायचे, गाळायचे आणि तो करडा रस वाटपात ओतायचा. उकळी आली की तो रस जमून येतो आणि रश्शाला जी चव येते ती नुसत्या खोबऱ्याने येतच नाही. म्हणजे पाय वाया जात नाहीत हे खरं, पण ताटात पाय म्हणून कोणी वाढत नाही. पोरं चोखायला मागतात म्हणून दोन-चार बाजूला ठेवायचे, बास.

आज नुसते पायच केले. वाफेवर. वाटप नाही, मसाला नाही.

ही सगळी बाबची करणी. बाब म्हणजे धाकटा दीर, क्रूझवर किचनमध्ये असतो, कॉन्ट्रॅक्ट संपवून सुट्टीवर आलाय. सुट्टीवरचा तारवटी (बोटीवर नोकरी करणारा) म्हणजे घरात रोज नवीन खायच्या गोष्टी, आणि त्यात याचा आवडता विषय बुफेवरचे क्रॅब लेग्ज, लोक म्हणे प्लेटीत डोंगर करून नेतात आणि बाकी कशाला हात लावत नाहीत. तर तो काल पणजीहून फ्रोझन पाकीट घेऊन आला, स्नो क्रॅबचे पाय, कॅनडाचे. किंमत इथे लिहीत नाही, घरातले लोक हे वाचतात.

आईंनी (सासूबाई) पाकीट हातात घेऊन उलटंसुलटं केलं. लांबलचक केशरी पाय, वरून बर्फ. "पांय कोण खाता रे?" एवढंच म्हणाल्या आणि पाकीट परत फ्रीजात. मग बाब त्यांना सांगत बसला की तिकडे सुद्धा ही चैन आता सोपी राहिलेली नाही, ऑक्टोबर २०२२ मध्ये अलास्काने बेरिंग समुद्रातला स्नो क्रॅबचा हंगामच रद्द केला, पहिल्यांदाच, कारण समुद्र तापला आणि २०१८ नंतरच्या तीनचार वर्षांत अब्जावधी कुर्ल्या नाहीशा झाल्या. हा थंड पाण्यातला जीव, पाणी गरम झालं की याची भूक वाढते आणि एवढ्यांना पुरेल इतकं खाणं तिथे नव्हतं, उपासमारीने गेल्या असं शास्त्रज्ञांचं म्हणणं. आई शांतपणे ऐकून म्हणाल्या, "आमचोय दर्या बंदच आसा मगो." ते पण खरंच, १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत आपल्याकडे ट्रॉलर बंद, मालीमच्या जेटीवर सगळे एकाला एक लागून उभे आहेत. फक्त आपला दर्या एक ऑगस्टला उघडतो, तारीख ठरलेली असते. तिकडे दोन हंगाम नुसती वाट बघावी लागली, २०२४ मध्ये परत उघडला.

आता मुख्य गोष्ट, जी मला बाबने सांगेपर्यंत माहीत नव्हती. हे फ्रोझन पाय शिजवलेलेच असतात. पकडल्यावर लगेच उकळून मग मिठाच्या गार पाण्यात गोठवतात, म्हणूनच ते पाकिटातच लाल-केशरी दिसतात. म्हणजे घरी वाफ द्यायची ती फक्त गरम करायला, पाच-सहा मिनिटं, त्याच्यावर गेलात तर मांस आक्रसतं आणि कवचाला चिकटून बसतं. रात्रभर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ठेवायचे, खाली ताट, कारण जे पाणी सुटतं ते खारट असतं आणि पाय त्याच्यात भिजत राहिले तर आणखी खारट. वाफेच्या पाण्यात मीठ अजिबात नको. गोठलेला पाय वाकत नाही, मोडतो, बर्फ पूर्ण सुटला की मात्र सांध्यातून छान दुमडतो आणि आपल्या घरगुती भांड्यात मावतो.

भांड्यावरून अपेक्षेप्रमाणे झालंच. बाब सरळ मोदकपात्र काढायला गेला. आईंनी नुसतं बघितलं. चतुर्थीचं भांडं, त्यात पातोळ्या आणि मोदक, बाकी काही नाही, हे त्याला लहानपणापासून माहीत आहे पण बोटीवर राहून माणूस विसरतो. मग जुना ॲल्युमिनियमचा टोप काढला, आत उपडी वाटी, वर भोकांचं ताट, दोन बोटं पाणी, झाकणाला फडकं. तळाला मी एक नाणं टाकते, पाणी उकळतंय तोवर ते खडखडत राहतं, आवाज थांबला की समजायचं पाणी आटलं. हे आईंकडूनच शिकले, पातोळ्या करताना.

नुसते कॅनडाचे केले असते तर एका पाकिटात घर काही भागत नव्हतं, म्हणून सकाळी आपल्याही आणल्या. चोडणहून फेरीने एक जण रायबंदरच्या धक्क्यावर उतरतो, पावसात त्याच्याकडे मानशीवरच्या, म्हणजे खाजनाच्या बांधातल्या पाण्याच्या दारावरच्या, कुर्ल्या असतात. खाजनातल्या (नदीकाठच्या बांध घातलेल्या खाऱ्या जमिनीतल्या) त्या चिखलातल्या, काळपट हिरव्या, डेंगे दोरीने करकचून बांधलेले. समुद्र बंद असला की आपल्याला नदी आणि खाजन जगवते. शेतकरी मात्र या कुर्ल्यांना शिव्या घालतो, कारण त्या बांधाला बिळं पाडतात आणि एकदा का बांध फुटला की खारं पाणी शेतात.

विकणारा म्हणाला अमावास्या जवळ आहे, भरलेल्या आहेत, घ्या डोळे मिटून. अमावास्येला भरलेली आणि पुनवेला पोकळ हे आपल्याकडे सगळेच मानतात. मी तिथी बघत नाही, पाय दाबून बघते. कात टाकलेली कुर्ली दिसायला मोठी असते, पण नवीन कवच मऊ, पाय दाबला की आत जातो, आणि आत मांस कमी आणि पाणी जास्त. रश्शात हे कळत नाही, वाटप सगळं सांभाळून घेतं. वाफेवर लपायला जागाच नाही, पोकळ ती पोकळच. त्यामुळे हातात घेऊन जी आकाराच्या मानाने जड लागेल तीच घ्यायची, आणि जिवंतच, मेलेली कुर्ली स्वस्तात मिळाली तरी नको, फार पटकन खराब होते. मी नर घेतले, पोटावरची झडप निमुळती असते ते. बाजूच्या बाईने माझ्याकडे दया आल्यासारखं बघितलं, कारण आपल्याकडे सगळ्यांना लाख (आतली केशरी गाबोळी) भरलेली मादी हवी. अलास्कात मादी पकडायलाच बंदी आहे म्हणे, फक्त ठराविक मापाच्या वरचे नर. आपल्याकडे पोटाखाली अंड्यांचा काळा घोस घेतलेल्या माद्यासुद्धा वाट्यात मांडलेल्या असतात आणि लोक उचलतात, ते मला बघवत नाही.

घरी आणून अर्धा तास फ्रीजरमध्ये. जिवंत कुर्ली थेट वाफेवर टाकली तर ती झटक्यात स्वतःचे पाय टाकून देते, संकटात पाय सोडून पळायची तिची सवयच ती, पुढे कात टाकताना पाय परत येतात. आणि सगळी मजा पायांची असताना पायच सुटून धड उघडं पडलं तर काय उपयोग. शिवाय थंडीने बधिर झाली की तिलाही बरं. मग झडप काढली, वरची पाठ उघडली, कल्ले काढून टाकले, धुऊन मधून दोन तुकडे. प्रत्येक तुकड्याला चार पाय आणि एक डेंगा. पाकिटात क्लस्टर म्हणून जे येतं ते हेच, फक्त आपलं कच्चं. डेंगे जाड म्हणून वेगळे करून खाली, पाय वर, आणि वाफ जोरात सुटल्यावर घड्याळ लावून बारा मिनिटं.

बायने (मुलगी) झाकण उघडल्यावर विचारलं, हिरव्याचे लाल कसे झाले. लाल रंग आधीपासूनच असतो, पण एका प्रोटीनने धरून ठेवलेला असतो म्हणून निळसर-हिरवट दिसतो, उष्णतेने प्रोटीन सैल झालं की लाल मोकळा होतो. तिला हे पटलं नाही, तिच्या मते कुर्ली रागावते.

खायची पद्धत बाबने दाखवली. सांध्याच्या जरा पुढे पाय हलकेच मोडायचा आणि सावकाश ओढायचा, आतली पातळ पारदर्शक पट्टी मांसासकट बाहेर येते, अख्खी सळी. स्नो क्रॅबचं हे अगदी सहज होतं, कवच पातळ आणि नाही आलं तर कात्रीने कापायचं. आपल्या कुर्लीचं कवच म्हणजे शिक्षा. शेवटी आईंनीच सोड्याची रिकामी बाटली आणून दिली, बाटली पायावरून टोकाकडून जाड बाजूला फिरवायची, मांस आपोआप बाहेर. लाटणं मात्र दिलं नाही.

चवीचं खरं सांगायचं तर कॅनडाचा पाय मला आवडला. गोड, खारट, मऊ, बटर-लसणीत बुडवला की संपतो कधी कळत नाही. पण चार-पाच खाल्ले की सगळे एकसारखे लागायला लागतात. चोडणच्या कुर्लीच्या पायात मांस निम्मंसुद्धा नाही, तिचं बळ सगळं डेंग्यात, शिंपले फोडून खाणारी ती, पायांवर लांब चालणारी नाही. पण एक जागा आहे. अगदी शेवटचे वल्ह्यासारखे चपटे पाय असतात ना, ज्यांनी ती पोहते, त्यांच्या मुळाशी, धडात घुसलेला जो भाग आहे, तिथे मांसाचा अख्खा गोळा निघतो आणि त्याला ती आपली चिखलाची, खाऱ्या पाण्याची चव. इतकी वर्षं तो गोळा रश्शात विस्कटून जात होता. आईंना मी तोच दिला, बटर नको म्हणाल्या, आत जाऊन सोलांचं आगळ (कोकमाचा आंबट रस) घेऊन आल्या, त्यात ठेचलेली लसूण आणि हिरवी मिरची. बटरपेक्षा ते कितीतरी बरं होतं, आंबटाने गोडी उठून दिसते. बाबने पण वाटी बदलली, आणि आता हे बोटीवरच्या शेफला सांगणार म्हणतो, आगळ कुठून आणणार ते त्याचं त्याला माहीत.

आईंचा निकाल: कॅनडाच्या पायाला वास नाही. ही तक्रार होती. एरवी लोक वास येतो म्हणून मासळी खात नाहीत.

उद्या सोमवार, शिवराक, म्हणजे मासळी नाही. बर्फ सुटलेले पाय परत गोठवायचे नसतात, म्हणून उरलेल्यांचं मांस आत्ताच सोडवून डब्यात घातलं, मंगळवारी सकाळी पोदेर (पाववाला) आला की उंड्यात (गोल पावात) कांदा-मिरचीबरोबर भरून देईन बाबला. त्याची सुट्टी संपायच्या आत एकदा नुसते चोडणचे करायचे ठरलंय, या वेळी मोठे, अर्धा-पाऊण किलोचे नर, श्रावण लागायच्या आधी मिळाले तर.