तारामतीचा पगार पंधरा रुपये

अण्णा साळुंके हे नाव आता फक्त सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत उरलंय. भारतीय सिनेमाची पहिली नायिका कोण? तर एक पुरुष. सगळे खुदकन हसतात आणि पुढचा प्रश्न येतो. मला ते हसू खटकतं.

दादासाहेब फाळक्यांना 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'मधल्या राणी तारामतीसाठी बाई मिळेना. नाचगाण्यावर पोट असलेल्या बायकांनीही सिनेमाचं नाव काढताच हात जोडले. शेवटी म्हणे ग्रँट रोडच्या एका हॉटेलात हा सडपातळ आचारी त्यांच्या नजरेस पडला. तिथे महिना दहा रुपये मिळायचे, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. झाली तारामती!

पुरुषानं लुगडं नेसणं तेव्हा नवलाचं नव्हतंच. 1913 मध्येच बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी निघाली, स्त्रीपार्टी नटांवर लोक जीव टाकायचे. पण बालगंधर्वांकडे गाणं होतं. साळुंक्यांचा सिनेमा मूक, ना गायला पद, ना संवाद. आणि चित्रण भर उन्हात! रंगभूमीच्या दिव्यांत झाकलं जातं ते उन्हात उघडं पडतं. हौदाचा प्रसंग बघा: राणी आणि दासी, सगळे पुरुषच, ओल्या लुगड्यांत पाणी उडवतायत. तिथे अवघडलेपण लपत नाही. तरी माणूस पळून गेला नाही, हेच मला मोठं वाटतं.

मग 1917 चं 'लंकादहन'. त्यात राम तेच आणि सीताही तेच. कथेची सोय अशी, की एक समुद्राच्या अलीकडे आणि दुसरी अशोकवनात, त्यामुळे बराच वेळ गाठ पडायचा प्रश्नच नाही. राम दिसला की प्रेक्षक चपला काढायचे, असं सांगतात. थोड्या वेळानं तेच दंड सीतेच्या चोळीत दिसत असणार, पण त्यावरून कुणाची भक्ती ढळली असं काही ऐकिवात नाही.

पुढचं मात्र कुणी फारसं सांगत नाही. साळुंके कॅमेऱ्यामागे गेले. विसाच्या दशकात नाशिकला, हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीत, ते छायालेखन करत होते. तोवर बायका सिनेमात येऊ लागल्या होत्या, तेव्हा लुगड्याची गरज तशीही संपत आली होती. पण गरज संपली म्हणून घरी बसणारे कितीतरी असतात. हा गडी हातानं फिरवायचा कॅमेरा शिकला. मला विचाराल तर त्यांची खरी कारकीर्द इथे सुरू झाली.