कुलाब्याचं हरवलेलं स्टेशन: मांडव्याहून एका दिवसात

अलिबागच्या माणसाला कुलाबा म्हटलं की आधी समुद्रातला किल्ला आठवतो. १९८१पर्यंत आमच्या जिल्ह्याचं नावही कुलाबाच होतं. समोरच्या किनाऱ्यावर, मुंबईच्या कुलाब्याला, एके काळी रेल्वेचं मोठं टर्मिनस होतं हे मात्र आमच्याकडे फार थोड्यांना ठाऊक आहे. विरारची लोकल चर्चगेटलाच का थांबते, पुढे का जात नाही, याचं उत्तर त्या जागेवर मिळतं. म्हणून ही फेरी केली, आणि ज्यांना करायची आहे त्यांच्यासाठी हे लिहितोय.

मांडव्याहून सकाळची लवकरची लाँच धरा, तासाभरात गेटवेला उतराल. काही लाँचवाल्यांच्या तिकिटात अलिबाग-मांडवा बसही असते, तिकीट काढतानाच विचारून घ्या. पावसाळ्यात गेटवेच्या लाँच बंद असतात. तेव्हा रो-रोने, म्हणजे मोटारीही वाहून नेणाऱ्या मोठ्या बोटीने यायचं, पण ती भाऊच्या धक्क्याला लागते, तिथून कुलाब्यापर्यंत टॅक्सी करावी लागेल. खरं तर ही फेरी पायी करायची आहे, त्यामुळे नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे महिने उत्तम.

गेटवेवरून रिगल सिनेमाच्या चौकात या. कॉजवेची गर्दी डावीकडे सोडून वुडहाऊस रोड धरा. पाट्यांवर त्याचं नाव नाथालाल पारेख मार्ग असं आहे. होली नेम कॅथेड्रल मागे टाकून दक्षिणेकडे चालत राहिलं की बधवार पार्क लागतं. ही रेल्वे अधिकाऱ्यांची वसाहत. रेल्वे बोर्डाचे पहिले भारतीय अध्यक्ष एफ. सी. बधवार यांचं नाव तिला दिलंय. कुलाबा स्टेशन होतं ते याच जमिनीवर. फलाट नाही, छप्पर नाही, रूळ नाहीत. रस्त्यावरून मला जुन्या स्टेशनची एकही खूण दिसली नाही. जमीन मात्र आजही रेल्वेकडेच आहे, तेवढाच काय तो धागा. आत शिरायचा प्रयत्न करू नका. ती राहती वसाहत आहे, फाटकावरच अडवतात आणि ते रास्तच आहे. फाटकाचे फोटोही काढू नका.

आता इथे उभं राहून थोडा इतिहास डोळ्यांपुढे आणायला हवा, नाहीतर समोर फक्त भिंत आणि झाडं दिसतील.

बी.बी.सी.आय. रेल्वेची (बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया, म्हणजे आजच्या पश्चिम रेल्वेची पूर्वज) विरारहून बॅकबेपर्यंतची पहिली लोकल १२ एप्रिल १८६७ रोजी धावली. दिवसाला एकच गाडी. सकाळी पावणेसातला विरार सोडायची आणि संध्याकाळी साडेपाचला परत निघायची. १८७०मध्ये चर्चगेट स्टेशन झालं, आणि पुढच्या काही वर्षांत रूळ कुलाब्यापर्यंत आले. या वाढीमागे मोठं कारण होतं कापूस. तेव्हा मुंबईचा कापसाचा बाजार कुलाब्याला भरत असे, आणि गुजरातच्या गाठी थेट तिथवर आणायची सोय रेल्वेला हवी होती. टर्मिनसची पक्की इमारत उभी राहिली १८९६ साली.

५ जानेवारी १९२८ रोजी कुलाबा ते बोरिवली विजेची लोकल सुरू झाली. त्याच वर्षी १ सप्टेंबरला पेशावरची फ्रंटियर मेल सुरू झाली, तीही कुलाब्याहूनच. म्हणजे बोरिवलीचा कारकून आणि थेट सरहद्द प्रांताकडे निघालेला प्रवासी एकाच स्टेशनात शिरत होते. आणि विजेच्या गाड्यांना तीन वर्षंही पुरी होत नाहीत तोच, ३१ डिसेंबर १९३०च्या मध्यरात्री, हे स्टेशन कायमचं बंद झालं.

कारण होतं बॅकबेची, म्हणजे चर्चगेट-कुलाब्याच्या पश्चिमेच्या उपसागराची भरणी. चर्चगेटच्या पुढे रूळ किनाऱ्याकिनाऱ्याने जात, पलीकडे थेट समुद्र. मुंबईचे गव्हर्नर लॉइड यांच्या काळात समुद्र हटवून नवी जमीन काढायची मोठी योजना हाती घेतली गेली. ती रखडली, खर्च भरमसाट वाढला. वकील वीर नरिमन यांनी त्यातला गैरकारभार चव्हाट्यावर आणला, त्यांच्यावर बदनामीचा खटला भरला गेला आणि ते निर्दोष सुटले. नरिमन पॉइंटला नाव त्यांचंच. पण भरणी अर्धीमुर्धी का होईना झाली, त्या जमिनीच्या मधोमध रेल्वे नको असं ठरलं आणि रूळ उखडले गेले. लांबच्या गाड्यांसाठी डिसेंबर १९३०मध्येच मुंबई सेंट्रल उघडलं होतं. लोकल चर्चगेटला थांबल्या त्या आजपर्यंत.

मला हा निर्णय फार महागात पडलेला वाटतो. बधवार पार्कपासून ससून डॉक पायी काही मिनिटांवर आहे. पहाटे तिथे मासळी घेणाऱ्या कोळणी अजूनही पाट्या टॅक्सीत घालून स्टेशन गाठतात. स्टेशन राहिलं असतं तर त्यांच्या दारातून लोकल सुटली असती. गोदी जरूर बघा, पण पहाटेच, म्हणजे सकाळच्या लाँचने आलात तर ती वेळ गाठता येणार नाही. आणि फोटोआधी तिथल्या बायांना विचारा.

परतताना टॅक्सी करू नका. कुपरेजवरून ओव्हल मैदानाच्या पश्चिमेच्या कडेने चर्चगेटपर्यंत चाला. साधारण दोन-अडीच किलोमीटर, बहुतेक सावलीतून. गाडी याच बाजूने जात असे. डावीकडची आर्ट डेको इमारतींची रांग रेल्वे गेल्यावरची, १९३०च्या दशकातली. २०१८पासून ती युनेस्कोच्या वारसा यादीत आहे. रविवारी सकाळी ओव्हलवर इतके सामने एकदम चालू असतात की कुठला चेंडू कुणाचा ते कळत नाही, तेव्हा कडेनेच चाला. चर्चगेटला पोचल्यावर समोरची पश्चिम रेल्वेच्या मुख्यालयाची इमारत नीट बघा. एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्स यांचं हे काम, १८९९मध्ये पुरं झालेलं. माथ्यावर हातात इंजिन घेतलेली दगडी मूर्ती आहे, ती रस्त्याच्या पलीकडून चांगली दिसते. कुलाबा स्टेशनाच्या काळातली, त्याच रेल्वेने उभारलेली ही इमारत आज धडधाकट आहे, म्हणून तिच्यापाशी जास्त वेळ द्या.

ज्यांना चालणं जमणार नाही त्यांच्यासाठी आता मेट्रो आहे. ऑक्टोबर २०२५मध्ये तिसरी मार्गिका कफ परेडपर्यंत सुरू झाली. जवळपास पंचाण्णव वर्षांनी या टोकाला पुन्हा गाडी आली, या वेळी जमिनीखालून. तिच्या एखाद्या फलकावर जुन्या स्टेशनचे दोन शब्द लिहिले जावेत असं मला मनापासून वाटतं. वयस्कर मंडळी बरोबर असतील तर एका बाजूने चाला आणि दुसऱ्या बाजूने चर्चगेट ते कफ परेड मेट्रो घ्या.

पाण्याची बाटली आणि टोपी हवीच. जेवण कुलाब्यातच उरका, ओव्हलच्या कडेला काही मिळत नाही. आणि गेटवेहून मांडव्याची शेवटची लाँच किती वाजता आहे ते सकाळी उतरतानाच खिडकीवर विचारा. ही वेळ मोसमाप्रमाणे बदलते, आणि ती चुकली तर पनवेलमार्गे एसटीने अलिबाग गाठता गाठता रात्र होते.