कंत्राट संपवल्याचा आदेश हातात पडल्यावर

जिल्हा परिषद, महापालिका किंवा विद्यापीठात अकरा महिन्यांच्या करारावर काम करणाऱ्याला कार्यमुक्तीचा आदेश मिळाला की तो वकिलाला पहिल्यांदा विचारतो, 'परत घेतील का?' त्याआधी आदेश दोनदा वाचा. त्यात कारण काय लिहिलंय, यावर निम्मं प्रकरण ठरतं.

नुसतं 'कराराची मुदत संपल्याने' असेल तर वाट चढाची. कितीही वर्षं कंत्राटावर काढली तरी कायम होण्याचा हक्क आपोआप मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ च्या उमादेवी निकालापासून पक्कं आहे. २०११ च्या ग्रिडको निकालाप्रमाणे निर्णय मनमानी, आकसाचा किंवा भेदभावाचा आहे का, हे कोर्ट तपासतं. अधिकाऱ्याच्या खुर्चीत बसून स्वतःचा निर्णय देत नाही. 'मी काम चांगलं केलं' हा मुद्दा म्हणूनच फारसा चालत नाही.

आदेशात अपहार, गैरवर्तन असं काही लिहिलं असेल तर चित्र पालटतं. तो कलंक ठरतो. नोटीस नाही, बाजू मांडायची संधी नाही आणि थेट घरी पाठवलं, तर असा आदेश कंत्राटी माणसाच्या बाबतीतही टिकणं अवघड. मात्र 'काम असमाधानकारक' एवढ्यालाच कोर्ट सहसा कलंक मानत नाही. इथे बरेच जण फसतात.

कधी आदेश साधा, पण त्यामागे गुपचूप केलेली चौकशी असते. कोर्ट वरचं आवरण दूर करून आत पाहू शकतं, फक्त कागद तुम्हाला दाखवावा लागतो. म्हणून माहिती अधिकारात लगेच अर्ज करा: फाइलवरच्या टिपण्या, चौकशी अहवाल, मूल्यमापनाचे शेरे. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. शासकीय बाजू नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं घालते, तेव्हा १९७८ चा मोहिंदर सिंग गिल निकाल कामाला येतो: आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे.

पण माहितीची वाट पाहत बसू नका. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली शासकीय आदेशाविरुद्ध थेट उच्च न्यायालयात जी रिट याचिका करतात, तिला कायद्यात ठरावीक मुदत नसली तरी विनाकारण उशीर झाला की कोर्ट दारातूनच परत पाठवू शकतं. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सीपीआर रुग्णालयाजवळच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच चालू आहे. कोल्हापूरसह सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गची प्रकरणं तिथे जातात, त्यामुळे मुंबईच्या फेऱ्यांची सबब आता उरली नाही.

सोबत नियुक्तीपत्र, प्रत्येक करारनामा, मुदतवाढीचे आदेश, मधले एकेक दिवसाचे खंड दाखवणारा तारखांचा तक्ता आणि तुम्ही दिलेलं निवेदन पोचसह न्या. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर लागतं, त्याचा वेळ धरून चला. त्याच पदाची नवी कंत्राटी जाहिरात निघाली असेल तर ती पहिल्याच तारखेला दाखवा. एक तात्पुरता काढून दुसरा तात्पुरता घेऊ नये, हे १९९२ च्या पियारा सिंग निकालात सांगितलंय. अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतचा तात्पुरता आदेश मागायला हा सगळ्यात भक्कम आधार.

काही जणांची मात्र दिशाच चुकते. सहकारी साखर कारखाना किंवा दूध संघ सरकारी वाटला तरी सहसा ज्यांच्याविरुद्ध रिट चालते त्या 'राज्य' या व्याख्येत बसत नाही, तिथे रिट लावून महिने वाया जातात. एजन्सीमार्फत लागलेल्याला आधी खरा मालक कोण हे सिद्ध करावं लागतं. त्याला साक्षीपुरावे लागतात, ते रिटमध्ये सहसा घेतले जात नाहीत, आणि त्यासाठी कामगार कायद्याखालचा मंचच बरा.

याचिका जिंकली तरी बहुधा आदेश रद्द होऊन प्रकरण नव्या सुनावणीसाठी त्याच कार्यालयाकडे जातं. तोवर कराराची मुदत संपलेली असेल तर परत हजर होण्याऐवजी पैशात भरपाई मिळण्याचीच शक्यता जास्त, म्हणून ती मागणी याचिकेत पर्यायी म्हणून सुरुवातीलाच लिहून ठेवा.