खिळ्यांनी बिघडवलेली खुर्ची

आमच्या नौपाड्यातल्या घरी जेवणाच्या टेबलाभोवती चार सागवानी खुर्च्या आहेत. त्यांतली खिडकीकडची खुर्ची कुरकुरू लागली, तेव्हा दोन वर्षांपूर्वी मी तिच्या मागच्या पायात तीन खिळे ठोकले आणि प्रश्न मिटला असे मानले. या पावसाळ्यात ती पुन्हा डुलू लागली. नीट दुरुस्तीला दोन रविवार लागले, आणि त्यांतला पहिला माझीच जुनी दुरुस्ती उपसण्यात गेला.

खुर्ची हलते म्हणजे प्रत्येक वेळी सांधाच सैल झालेला असतो असे नाही. कधी एखादा पाय आखूड असतो, तर कधी जुन्या इमारतीची फरशीच खचलेली असते; म्हणून मी ती आधी स्वयंपाकघराच्या सपाट ओट्यावर ठेवून पाहिली. चारही पाय टेकत होते. पाठ धरून मागेपुढे दाबल्यावर मात्र मागचा पाय आणि बैठकीची बाजूची पट्टी यांच्यामधली फट उघडझाप करताना स्पष्ट दिसली.

पट्टीच्या टोकाला काढलेले कुसू, म्हणजे जिभेसारखा पुढे आलेला बारीक भाग, पायातल्या खाचेत गोंदाने बसवलेले असते. जेवण झाल्यावर खुर्ची मागच्या दोन पायांवर झुलवण्याची सवय असलेल्या माणसाचा (आमच्या घरी तो मान माझाच) सगळा भार तरफेसारखा याच सांध्यावर येतो. शिवाय लाकूड लांबीत जवळजवळ वाढत नाही, पण रुंदीत आणि जाडीत फुगते. पावसाळ्यात कुसू फुगते, खाचेच्या भिंती त्याला जागा देत नाहीत, त्यामुळे त्याचे तंतू चेपले जातात, आणि हवा कोरडी झाली की ते आकसून पूर्वीपेक्षाही बारीक होते. खिळा ही फट भरून काढत नाही. उलट प्रत्येक हादऱ्याबरोबर तो स्वतःचे भोक मोठे करतो आणि सांधा सुटा करण्याची वाटही अडवतो.

माझ्या खिळ्यांची डोकी लाकडात रुतली होती. भोवतीचे लाकूड पटाशीने थोडे कोरून दोन खिळे पकडीने ओढले, पण तिसरा गंजून आतच तुटला. मग फटीत हॅक्सॉचे नुसते पाते सरकवून, पॉलिशला ओरखडा न येईल अशा बेताने, तो आडवा कापावा लागला. त्यानंतर प्रत्येक भागावर पेन्सिलीने खूण करून, जाड फडके मध्ये धरून मोगरीने हळूहळू ठोकत सांधा मोकळा केला.

फेविकॉल कोऱ्या लाकडात मुरतो तेव्हाच धरतो, वाळलेल्या गोंदाच्या थरावर नाही. कोमट व्हिनेगरने जुना थर मऊ करून मी तो पटाशीने खरवडला, मात्र कुसवाचे लाकूड झिजणार नाही याची काळजी घेतली. व्हिनेगरचा ओलावा जाण्यासाठी सगळे भाग आठवडाभर तसेच ठेवले. तरीही कुसू सैलच होते. जांभळी नाक्याजवळच्या हार्डवेअरवाल्याने भुसा आणि फेविकॉल कालवून फट भरायला सांगितले, पण भाराच्या सांध्यात अशा लगद्याला ताकद नसते. मी ओळखीच्या सुताराकडून रंध्याखाली निघालेला सागाचा पातळ पापुद्रा आणला, कुसवाच्या दोन्ही अंगांना चिकटवला, आणि ते हाताच्या दाबाने, किंचित अडत आत जाईल इतकेच घासले.

गोंद वाळेपर्यंत सांधा आवळून धरणारा शिकंजा घरात नव्हता, म्हणून पायांभोवती दोरीचे दोन फेरे घेऊन त्यांत लाटणे अडकवले आणि पीळ दिला. बैठकीचे दोन्ही कर्ण टेपने मोजून सारखे केले, बाहेर आलेला फेविकॉल ओल्या फडक्याने पुसला. एरवी एक दिवस पुरतो. ऑगस्टच्या दमट हवेत मी दोन दिवस दोरी सोडली नाही.

दोन भोके आगकाड्या आणि फेविकॉलने बुजवली आहेत. तिसऱ्या खिळ्याचे टोक अजून पायातच आहे आणि त्याच्याभोवती गंजाचा काळा डाग दिसतो. भिंतीकडची खुर्चीही आता बोलू लागली आहे. तिला पाऊस ओसरल्यावर हात घालीन.