तुम्ही विचारलंत म्हणून: कोल्हापूर गर्दीविना कधी पाहावे?

दिवाळी जवळ आली किंवा मे महिन्याची सुट्टी लागली, की माझ्याकडे एकच प्रश्न निरनिराळ्या आवाजांत येऊ लागतो. "काकू, गर्दी अजिबात नको आहे. पहाटे किती वाजता निघालो म्हणजे सगळे निवांत बघून होईल?" विचारणारा कधी पुण्याचा भाचा असतो, कधी नागपूरच्या नणंदेची सून असते, तर कधी त्यांच्या ओळखीतले एखादे कुटुंब असते. शिवाजी पेठेत चाळीस वर्षे संसार केलेल्या आणि त्या सगळ्या वर्षांत पाहुण्यांना आपले गाव हौसेने दाखवत आलेल्या बाईला लोकांनी हे विचारावे, यात नवल नाही. फोनवर मात्र उत्तर नेहमी अर्धवट राहते. पलीकडच्या माणसाला केवळ एक वेळ हवी असते आणि मला त्याआधी पुष्कळ काही सांगायचे असते, म्हणून ते सविस्तर लिहीत आहे.

पहाटे निघा, हे मीही सांगते. पण त्याच्याही आधी पंचांग उघडा, असे सांगते. कोल्हापूरची गर्दी घड्याळावर चालत नाही, ती वारांवर आणि तिथींवर चालते. मंगळवार आणि शुक्रवार हे देवीचे वार असल्यामुळे त्या दिवशी अंबाबाईच्या दर्शनाची रांग उजाडण्यापूर्वीच लागलेली असते. जोतिबाचा वार रविवार, म्हणून वाडी रत्नागिरीच्या डोंगरावर रविवारी शांतता शोधणे व्यर्थ आहे. नृसिंहवाडीला गुरुवारी आणि पौर्णिमेला दत्तभक्तांची रीघ असते. नवरात्रात तर दिवस आणि रात्र यांतला फरकच उरत नाही. पुण्या-मुंबईची मंडळी शनिवार-रविवार धरूनच बेत आखतात, त्यांना सुट्टी तेव्हाच मिळते हे मला कळते. पण एक दिवसाची रजा टाकून बुधवारी आलेला माणूस सकाळी नऊ वाजता जेवढ्या स्वस्थपणे दर्शन घेतो, तेवढे रविवारी पाच वाजता रांगेत उभ्या राहिलेल्याला मिळत नाही. वार चुकला तर पहाट तुम्हाला फारशी मदत करू शकत नाही.

काही दिवस तर असे आहेत, की त्या दिवशी पहाट हीच गर्दीची वेळ असते. त्रिपुरारी पौर्णिमेला पंचगंगेच्या घाटावर भल्या पहाटे हजारो पणत्या लावल्या जातात आणि तो दीपोत्सव पाहण्यासाठी सारे गाव थंडीत शाली पांघरून घाटाच्या पायऱ्यांवर उतरलेले असते. माघ महिन्यातल्या रविवारी जोतिबाचे खेटे असतात. त्या दिवशी कोल्हापुरातून कितीतरी माणसे अंधारातच, पुष्कळदा अनवाणी, डोंगराच्या वाटेला लागतात आणि उजाडण्यापूर्वीच रस्त्यावर "चांगभलं" ऐकू येऊ लागते. एका पाहुण्यांनी मला न विचारता नेमका असाच एक रविवार निवडला होता आणि पहाटे निघूनही एवढी माणसे कशी, म्हणून ते खट्टू झाले होते. ज्यांना तो सोहळा पाहायचा आहे त्यांनी त्या दिवशी अवश्य यावे, परंतु एकांतासाठी येऊ नये.

वार ठरला, की मग वेळ. इथे बाहेरगावच्या लोकांची एक चूक हमखास होते. कोल्हापूर महाराष्ट्राच्या पश्चिम भागात असल्यामुळे इथे सूर्य घड्याळाच्या हिशेबाने उशिरा उगवतो. जानेवारीत सूर्योदयाला सात वाजून जातात आणि मेच्या अखेरीस तो सहाच्या आसपास होतो. त्या दिवसांत नागपूरच्या आणि आमच्या सूर्योदयात सुमारे अर्ध्या तासाचे अंतर असते. त्यामुळे आपल्या गावच्या सवयीने पाचला घराबाहेर पडलेली माणसे थंडीच्या दिवसांत रंकाळा तलावावर दीड-दोन तास काळोखात कुडकुडत बसतात. देवळासाठी काळोखात निघणे योग्य आहे, तलावासाठी आणि पन्हाळगडासाठी सूर्योदयापूर्वी अर्धा तास पोहोचले तरी भरपूर झाले.

अंबाबाईच्या देवळापासूनच सुरुवात करते, कारण प्रत्येकाला प्रथम तिथेच जायचे असते. बुधवारी किंवा गुरुवारी पहाटे महाद्वार रस्त्याने चालत गेलात, तर दुकानांची फळकुटे अजून लागलेली असतात आणि फक्त हार-वेण्यांच्या टोपल्या मांडून बसलेल्या बायका जाग्या असतात. माझी नेहमीची वेणीवाली दोरा दातात धरून, नजर वर न करता अबोली ओवत असते आणि तशीच म्हणते, "वहिनी, सरळ आत जावा आता. एस.टी. लागायच्या आत आई मोकळी हाय." आत फरशी नुकतीच धुतलेली असते, तळपायांना काळ्या दगडाचा गारवा जाणवतो आणि ओल्या दगडाचा, कापराचा व कुंकवाचा एकत्र वास येतो. देवी पश्चिमाभिमुख आहे, त्यामुळे गरुड मंडपापाशी उभे राहिले की उजाडताना शिखरांच्या मागचे आकाश आधी फिकट होते आणि देऊळ अजून अंधारातच असते. दर्शन झाल्यावर लगेच बाहेर पडू नका. प्रदक्षिणेच्या वाटेवर बाहेरच्या भिंतींवरच्या मूर्ती पाहा. वाद्ये धरलेल्या, नृत्याच्या पवित्र्यात उभ्या असलेल्या त्या स्त्रियांच्या गुडघ्यांवर आणि हातांवर पिढ्यान्‌पिढ्यांच्या स्पर्शाने एक तुकतुकी आलेली आहे, आणि तिरपा उजेड पडू लागला की ती नेमकी उठून दिसते. दुपारी रांगेतून पुढे ढकलले जाताना ही भिंत कुणाच्याही नजरेला पडत नाही. मी स्वतः या गावात नांदायला आल्यावर कित्येक वर्षांनी ती नीट पाहिली, आणि तेव्हापासून प्रत्येक पाहुण्याला त्या भिंतीपाशी थांबवते.

एक गोष्ट मात्र समजून घ्यावी. पहाटे देऊळ रिकामे नसते, तिथे फक्त रोजची माणसे असतात: कामावर जाण्यापूर्वी डोके टेकवून जाणारे, नेमाने प्रदक्षिणा घालणाऱ्या म्हाताऱ्या, पाणी ओतणारे, झाडणारे. त्यांच्या वाटेत कॅमेरा लावून उभे राहू नये. घाटावर तर हे आणखी कसोशीने पाळावे, कारण पंचगंगेवर सकाळी लोक अंघोळीला आणि धुण्याला येतात. त्यांचे फोटो काढणे मला अत्यंत अनुचित वाटते आणि ज्यांना मी बरोबर नेते त्यांना ते आधीच सांगून ठेवते. देवळाभोवतीच्या आणि पेठांच्या गल्ल्यांत माणसे झोपलेली असतात, तेव्हा गाडी लांब लावून चालत यावे आणि हॉर्न वाजवू नये. परगावच्या गाड्यांच्या आवाजाने पहाटे चारला आमच्या गल्लीतली तान्ही बाळे उठून रडल्याचे मी अनेकदा ऐकले आहे, आणि पहाटेचा सल्ला देणाऱ्यांमध्ये मीही असल्यामुळे त्याचे मला वाईट वाटते.

देवळातून निघून रंकाळ्यावर जावे. टॉवरच्या बाजूने पाण्याकडे पाहिले तर समोर पश्चिमेच्या काठावर शालिनी पॅलेस दिसतो. १९३१ ते १९३४ या काळात बांधलेल्या या काळ्या दगडाच्या वास्तूवर सकाळचे पहिले ऊन समोरून पडते, आणि वारा नसेल तर ती पाण्यात उलटी उमटते. वारा सुटला की ते प्रतिबिंब मोडते, त्यामुळे या दृश्याला वेळेचे बंधन खरोखरच आहे. काठावर फिरायला येणाऱ्यांची वर्दळ असते, पण ती चालती वर्दळ आहे, कुणी तुमच्यासमोर उभे राहत नाही. लहान मुले बरोबर असतील तर त्यांना नंदीची गोष्ट सांगा: तो रोज गव्हाच्या दाण्याएवढा रंकाळ्याकडे सरकतो आणि तांदळाएवढा मागे येतो, आणि ज्या दिवशी तो पाण्याला पोहोचेल त्या दिवशी प्रलय होईल, असे आमच्याकडे म्हणतात. परतताना गंगावेशीच्या दूध कट्ट्यावर थांबता आले तर थांबा. म्हशीची धार समोर काढून फेसासकट पेला हातात देण्याची पद्धत या गावाने अजून टिकवून ठेवली आहे, आणि तालमीतून परतणारी घाम निथळणारी पोरे तो पेला एका दमात कसा रिकामा करतात हे पाहण्यासारखे असते.

पन्हाळ्यासाठी वेगळा दिवस ठेवावा, आणि जमल्यास आदल्या रात्री गडावरच मुक्काम करावा. जुलै २०२५ मध्ये मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा यादीत स्थान मिळाले, त्यांत पन्हाळा आहे. तेव्हापासून मला येणाऱ्या फोनमध्ये त्याचे नाव आधी असते. कोल्हापूरपासून तो वीस-बावीस किलोमीटर असल्यामुळे सकाळी गाडीनेही जाता येते, मात्र सूर्योदय गाठायचा असेल तर सज्जा कोठी गाठावी. ती गडाच्या पूर्व कड्यावर आहे आणि तिथून समोर जोतिबाचा डोंगर दिसतो. आधी डोंगराची कड तांबूस होते, मग खालच्या उसाच्या शेतांवरचा धूर आणि धुके वेगवेगळे ओळखू येऊ लागतात, आणि कुठल्याशा वस्तीवरून कोंबडा व मोटारीचा पंप एकदमच ऐकू येतात. संभाजी महाराजांना जिथे ठेवण्यात आले होते ती ही कोठी, हे एरवी मार्गदर्शकाच्या तोंडून गर्दीत उभे राहून ऐकायचे असते. एकट्याने त्या सज्जातून खाली पाहताना त्याचा अर्थ अधिक लागतो. तीन दरवाजा मात्र सकाळी घाईने पाहू नका. तो पश्चिमेकडे तोंड करून आहे आणि त्याच्यावरचे कोरीव काम उतरत्या उन्हातच खुलते. अंधारबाव ही तीन मजली विहीरही त्याच्या जवळच असल्याने ही दोन्ही ठिकाणे सायंकाळसाठी राखून ठेवावीत.

पावसाळ्यात हे सगळे वेळापत्रक कोलमडते. एका जुलैत मी मुंबईच्या पाहुण्यांना पहाटे पाचला उठवून सज्जा कोठीवर नेले आणि दहा वाजेपर्यंत आम्हाला हातभर अंतरावरचा कठडाही धड दिसला नाही. थोरल्यांची निराशा झाली, मुले भिजून किरकिर करू लागली, आणि चूक माझीच होती, कारण आषाढातले पन्हाळ्याचे धुके मला माहीत होते. तिथेच उभे राहून मी त्यांना सांगितले, की जुलै १६६० मध्ये सिद्दी जौहरचा वेढा फोडून शिवाजी महाराज विशाळगडाकडे निघाले तो हाच महिना आणि हाच पाऊस. त्या पांढऱ्या भिंतीकडे पाहत त्यांच्या धाकट्या मुलीने विचारले, "म्हणजे वेढा घालणाऱ्यांनाही काही दिसत नसणार?" त्यानंतर कुणी परत जाऊया म्हटले नाही. तरीही पावसाळ्यात येणाऱ्यांना मी आता पहाटेचा आग्रह करत नाही. त्यांनी न्याहारी करून दहानंतर निघावे हेच बरे.

काही ठिकाणी पहाटेचा मुळीच उपयोग नाही. नवीन राजवाड्यातले संग्रहालय कार्यालये उघडण्याच्या सुमारास उघडते, त्यामुळे आधी जाऊन फाटकाबाहेर ताटकळण्यात अर्थ नाही. सुट्टीचा दिवस टाळून उघडताच आत जावे. खिद्रापूरचे कोपेश्वर मंदिर तर साठेक किलोमीटरवर आहे आणि तिथे आडवारी गर्दी अशी नसतेच. शिवाय त्याच्या स्वर्गमंडपासाठी सूर्य थोडा वर यावा लागतो. मंडपाच्या छताला मध्यभागी मोठे गोल झरोक्यासारखे मोकळे आभाळ आहे आणि त्याच्या बरोबर खाली तेवढ्याच आकाराची गोल शिळा आहे. हिवाळ्यात नऊ-साडेनऊला पोहोचलात, तर ऊन त्या गोलातून येऊन पश्चिमेकडच्या खांबांच्या वरच्या अंगावर पडलेले असते, आणि मग खांबाच्या एकेका कंगोऱ्यावरून ते खाली सरकत येते. तिथे तासभर बसण्याची तयारी ठेवा. दहा मिनिटांत फोटो काढून निघणाऱ्यांनी एवढा प्रवास करून तिथे जाण्याचे कारण मला दिसत नाही.

तुमच्यापैकी काही जण म्हणतील, की आम्हाला पहाटे उठणे जमतच नाही. त्यांनी संकोच करू नये. अंबाबाईचा सर्वांत सुंदर प्रकाश सायंकाळचा आहे. जानेवारीच्या अखेरीस आणि फेब्रुवारीच्या पहिल्या दोन दिवशी, तसेच ९, १० आणि ११ नोव्हेंबरच्या सुमारास मावळतीचे किरण महाद्वारातून आत येतात, गरुड मंडप ओलांडून गाभाऱ्यात शिरतात आणि एके दिवशी देवीच्या चरणांवर, दुसऱ्या दिवशी त्याहून वर, तर तिसऱ्या दिवशी मुखापर्यंत पोहोचतात. आकाशात ढग किंवा धुरकटपणा असेल तर ते वाटेतच मावळतात, म्हणून शेवटच्या काही मिनिटांत सारे आवार श्वास रोखून उभे असते. त्या सायंकाळी पाय ठेवायला जागा नसते. नऊवारीतल्या आजीबाई शेजारच्या अनोळखी पोराच्या खांद्याचा आधार घेऊन टाचा उंचावतात आणि कुणीतरी पुढून किरण कुठवर आले ते मागच्यांना सांगत राहते: पितळी उंबऱ्याला लागले, चरणांवर आले. त्या दिवशी या, आणि गर्दीतच उभे राहा.