नेटफ्लिक्सच्या वर्गणीतले गेम : शोधले, खेळले आणि वेळेत संपवले

नेटफ्लिक्सचे पैसे आपण भरतो ते सिनेमे आणि मालिकांसाठी. त्याच पैशांत मोबाइलवर खेळायचे गेमही येतात, हे मी आजवर ज्यांना ज्यांना सांगितलं त्यांच्यापैकी बहुतेकांना नवीन होतं. आमच्या घरात गेली काही वर्षं हे गेम नियमित खेळले जातात. ते कुठे सापडतात, सुरू करताना काय काय लागतं आणि कोणता आधी खेळावा, हे मला हळूहळू उलगडत गेलं. ते सगळं इथे लिहून ठेवतेय.

हे गेम नोव्हेंबर २०२१ मध्ये आले. आधी अँड्रॉइडवर, मग आठवड्याभरात आयफोन-आयपॅडवर. सुरुवातीला गेम पाचच होते, त्यातले दोन 'स्ट्रेंजर थिंग्ज' मालिकेवरचे. अट तेव्हापासून एकच: वर्गणी चालू हवी. वेगळे पैसे नाहीत, मध्ये जाहिराती नाहीत आणि गेमच्या आत काही विकतही घ्यावं लागत नाही. डिसेंबर २०२१ मध्ये भारतातले दर उतरले आणि मोबाइलचा प्लॅन १४९ रुपयांवर आला. त्या सर्वांत स्वस्त प्लॅनवरही गेम मिळतात.

मी शोधायला लागले ते लेकामुळे. तो तेव्हा चौथीत होता आणि एक फुकटचा गेम खेळायचा. नाव लिहीत नाही, कारण त्या जातीचे शेकडो आहेत. एक लेव्हल झाली की जाहिरात. जाहिरात बंद करायची फुली कोपऱ्यात, इतकी बारीक की मुलाचं बोट हमखास बाजूला पडावं आणि थेट दुकानाचं पान उघडावं. पुढे गेलं की नाणी संपतात. मग एक तर जाहिरात पाहा, नाहीतर नाण्यांची थैली विकत घ्या. मुलाचा वेळ स्क्रीनवर जातो याचं मला वाईट वाटायचंच, पण त्या वेळातला मोठा वाटा खेळण्यात जातच नाही याचा संताप जास्त होता. खेळायचंच असेल तर धड खेळ तरी असावा!

फोनवर नेटफ्लिक्सचं ॲप उघडलं आणि मुख्य पानावर खाली सरकत गेलं की सिनेमांच्या ओळींच्या मधे मोबाइल गेम्सची एक आडवी ओळ येते. ही ओळ जागा बदलत राहते, त्यामुळे ती शोधत बसण्यापेक्षा मी सरळ शोधाच्या चौकटीत गेमचं नाव टाकते. नाव माहीत नसेल तर दुसरी वाट आहे आणि मला तीच जास्त आवडते. प्ले स्टोअरमध्ये नेटफ्लिक्सचा कोणताही एक गेम उघडायचा आणि नावाखाली प्रकाशकाचं नाव असतं, नेटफ्लिक्स इंक., त्यावर टिचकी मारायची. त्या कंपनीने काढलेले गेम एका पानावर येतात. तिथे निवांत बसून वर्णनं वाचता येतात, चित्रं पाहता येतात, वयाची अट कळते.

गेम नेटफ्लिक्सच्या ॲपमध्ये चालत नाही, हे मात्र आधीच माहीत असलेलं बरं. ॲपमधून 'गेम घ्या' म्हटलं की आपण प्ले स्टोअरवर जातो आणि तिथून तो गेम स्वतंत्र ॲप म्हणून फोनवर उतरतो. म्हणजे जागा लागते. पत्त्यांचा सॉलिटेअर चिमूटभर जागेत मावतो, 'जीटीए : सॅन आंद्रेअस'सारखा गेम मात्र फोनमधले जुने व्हिडिओ पुसायला लावतो. आणखी एक गोष्ट जपायची. काही गेम स्टोअरवर दोन रूपांत असतात. 'ब्लून्स टीडी ६' घ्या. माकडांनी फुगे फोडायचा गेम आहे. त्याची नेहमीची आवृत्ती विकतची आणि तिच्यात पुन्हा आत खरेदी. नेटफ्लिक्सची आवृत्ती वेगळी, तिच्या नावातच नेटफ्लिक्स लिहिलेलं असतं. नाव आणि प्रकाशक दोन्ही पाहून मगच डाउनलोड करायचं.

पहिल्यांदा गेम उघडला की तो खातं विचारतो. त्याच फोनवर नेटफ्लिक्स आधीपासून चालू असेल तर खातं आपोआप समोर येतं, आपण फक्त प्रोफाइल निवडायचं. या पहिल्या वेळेला इंटरनेट हवंच. खेळाडू म्हणून एक टोपणनाव घ्यावं लागतं. ते इतर खेळाडूंना दिसतं, म्हणून लेकाच्या टोपणनावात त्याचं खरं नाव, शाळा, जन्मसाल यातलं काहीही येऊ दिलं नाही.

प्रोफाइलपाशी आमची गाडी थोडी थांबली. लेकाचं प्रोफाइल लहान मुलांचं होतं आणि त्या प्रकारच्या प्रोफाइलवर तेव्हा गेम मिळत नव्हते. मग त्याच्यासाठी साधं प्रोफाइल काढलं आणि त्याला वयाची मर्यादा लावली. मर्यादा लावली की तिच्या पुढचे सिनेमे जसे दिसत नाहीत तसेच गेमही दिसत नाहीत. आमच्या, म्हणजे मोठ्यांच्या, प्रोफाइलना पिन घातला. हे फोनवरून करण्यापेक्षा ब्राउझरमध्ये खात्याचं पान उघडून केलं तर सोपं जातं. मुलाला गेम हवेत म्हणून त्याला आपल्याच प्रोफाइलवर सोडून देणारे पालक मला माहीत आहेत. तसं करू नका. त्या प्रोफाइलवर हाणामारीचे, मोठ्यांसाठीचे सगळे गेम उघडे असतात. शिवाय खेळातली प्रगती प्रोफाइलला बांधलेली असते, त्यामुळे दोघांचे खेळ एकमेकांत मिसळतात.

ही बांधणी एरवी फार उपयोगाची आहे. लेक गाडीत माझ्या फोनवर खेळायचा आणि घरी आल्यावर टॅबवर तोच गेम तिथूनच पुढे चालू करायचा, अर्थात तशी सोय त्या गेममध्ये असेल तर. जागेसाठी गेम काढून टाकला आणि पुन्हा घेतला तरी प्रगती परत मिळू शकते. प्रोफाइलच पुसलं तर मात्र तीही जाते. उपकरणांच्या संख्येलाही मर्यादा आहे. सासऱ्यांच्या टॅबवर सॉलिटेअर घालताना तसा संदेश आला. खात्याच्या पानावर जाऊन कपाटात पडलेल्या जुन्या फोनवरून लॉग आउट केलं आणि काम झालं. बाबा आता दुपारच्या चहानंतर तासभर पत्ते लावतात. त्यांच्या टॅबवर मध्येच कर्जाची किंवा रमीची जाहिरात उडी मारत नाही, याचं मला फार समाधान आहे. वयस्कर माणसाचं बोट चुकीच्या जागी पडलं तर काय होऊ शकतं, हे आपण रोज वाचतो.

लेकाने पहिला मन लावून खेळलेला गेम 'इन्टू द ब्रीच'. आठ बाय आठ चौकटींचा पट, त्यावर आपली तीन यंत्रं आणि जमिनीतून वर येणारे प्रचंड किडे. किडा पुढच्या चालीत कुठे मारणार हे आधीच दिसतं. आपण त्याला मारायचंच असं नाही. एक घर ढकललं तर त्याचा वार त्याच्याच भावावर पडतो. लेक एकेका चालीला पाच-पाच मिनिटं विचार करत बसायचा. नेट नसतानाही चालतो, म्हणून पुण्याहून मुंबईला जाताना घाटातल्या बोगद्यांमध्येही खेळ अडायचा नाही. गेम घेण्याआधी तो नेटशिवाय चालतो का, हे वर्णनात पाहून घ्यावं. सगळे चालत नाहीत.

माझ्यासाठी मी घेतला 'बिफोर युअर आइज'. तो कॅमेऱ्याची परवानगी मागतो आणि ती द्यायलाच हवी, कारण खेळ डोळ्यांच्या उघडझापीवर चालतो. एका माणसाचं आयुष्य त्याच्याच डोळ्यांनी आपण पाहत असतो. आई पियानोपाशी बसलीय, काहीतरी सांगतेय, आणि पापणी लवली की काळ पुढे सरकतो. वाक्य अर्धंच राहतं. डोळे ताणून ताणून ते वाक्य पूर्ण ऐकायचा प्रयत्न करतो आपण, डोळ्यांत पाणी येतं आणि शेवटी पापणी लवतेच. खोलीत उजेड बरा हवा, फोन स्थिर हवा. मी तो उशीला टेकवून ठेवला होता. एका बैठकीत संपतो. गेम म्हणजे पोरखेळ असं मानणाऱ्या माझ्या मैत्रिणीला मी हाच दाखवला.

पण आमच्या घरात खरं राज्य केलं ते 'राजी : ॲन एन्शंट एपिक'ने. हा गेम पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या स्टुडिओने बनवलाय. २०२० मध्ये तो कन्सोल आणि कॉम्प्युटरवर आला आणि पुढे नेटफ्लिक्समुळे मोबाइलवर. आपल्याच शहरात बसून कोणी असं काही केलंय, हे कळल्यावर लेकाची कॉलर ताठ झाली होती.

राजी ही खेळ करून दाखवणारी, कसरती करणारी मुलगी. राक्षस हल्ला करतात आणि तिचा धाकटा भाऊ गोलू याला उचलून नेतात. राजी त्याच्या शोधात निघते. दुर्गा तिला त्रिशूळ देते. दुर्गा आणि विष्णू वरून हे सगळं बघतायत आणि आपसांत बोलतायत, आपल्याला कथा त्यांच्याच तोंडून ऐकू येते. राजी खांबाला धरून गिरकी घेते, भिंतीवर धावत चढते आणि तिथून उलटी उडी मारून वार करते. लढणं तिच्या कसरतीतूनच येतं, म्हणून ते पाहायला इतकं देखणं वाटतं. अधूनमधून भिंतींवर चित्रं येतात. समोर उभं राहिलं की देव त्या चित्रातली गोष्ट सांगतात. लेक लढाईच्या घाईत असूनही तिथे थांबायचा. मला मागे वळून विचारायचा, "आई, हे महिषासुराचंच ना?" मग आम्ही दोघं फोन बाजूला ठेवून बोलायचो. एका झाडापाशी दगडी चकत्या फिरवून चित्र जुळवायचं असतं, जुळलं की त्यात गोलूची आठवण दिसते. कथेतले प्रसंग सावल्यांच्या बाहुल्यांसारखे पुढे सरकतात.

टचस्क्रीनवर लढाईची बटणं अंगठ्याखाली येतात आणि अर्धं चित्र झाकतं, हे खरंय. ब्लूटूथ कंट्रोलर, म्हणजे हातात धरून खेळायचं बटणांचं यंत्र, जोडायची सोय असलेल्या गेमना तो जोडावा. छोट्या फोनपेक्षा टॅबवर हा गेम दुप्पट आनंद देतो.

आता महत्त्वाचं. हे गेम कायमचे नसतात. सिनेमा जसा नेटफ्लिक्सवर येतो आणि करार संपला की जातो, तसेच बरेचसे गेमही जातात. डिसेंबर २०२३ मध्ये जीटीएचे तीन गेम आले, त्यातले 'जीटीए ३' आणि 'व्हाइस सिटी' वर्षभरातच गेले. जुलै २०२५ मध्ये तर वीसहून अधिक गेम एका महिन्यात काढले गेले. त्यात 'हेडीस' होता, 'मॉन्युमेंट व्हॅली'चे तिन्ही भाग होते, नवी मुंबईच्या कंपनीचा 'लुडो किंग' होता आणि 'राजी'ही होता. गेम गेला की फोनवर त्याचं चिन्ह राहिलं तरी खेळता येत नाही.

जाण्याआधी गेमच्या पानावर लवकरच जाणार असल्याची खूण दिसते. लेकाच्या एका मित्राकडून 'राजी' जाणार हे कळलं तेव्हा आमचा खेळ मध्यावर होता. मी सुट्टीच्या दिवसाचे स्क्रीनचे नियम त्यापुरते बाजूला ठेवले. अभ्यास झाला की दोघं टॅब घेऊन बसायचो. मोठ्या राक्षसांशी झुंज असली की तो खेळायचा, कोड्यांना माझा हात लागायचा. शेवटची लढाई त्याने एकट्याने, बऱ्याच वेळा हरून, जिंकली. गेम संपतो तो मात्र अशा जागी की पुढचा भाग लगेच हवासा वाटतो.

तेव्हापासून निवडायची माझी रीत बदललीय. वर्षभर पुरेल असा अवाढव्य गेम मी नेटफ्लिक्सवर सुरू करत नाही. चार-पाच तासांत, फार तर दोन-तीन आठवड्यांच्या सुट्ट्यांत संपेल असा घेते. एका वेळी घरात दोनच मोठे गेम, बाकी सॉलिटेअरसारखे कधीही उघडावेत आणि कधीही मिटावेत असे. महिन्याच्या सुरुवातीला सुरू असलेल्या गेमचं पान एकदा उघडून ती खूण आलीय का ते बघते. आणि एखादा गेम फारच आवडला तर तो बाहेर विकत मिळतो का हेही पाहून ठेवते. 'राजी' कॉम्प्युटरसाठी स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात मिळतो. सवलत लागली तेव्हा आम्ही तो घेतला. नेटफ्लिक्सवरची प्रगती तिकडे येत नाही, म्हणून लेकाने पहिल्यापासून सुरू केलाय. या वेळी मोठ्या पडद्यावर, हातात कंट्रोलर घेऊन. भिंतीवरची चित्रं आता तो आजोबांना समजावून सांगतो.