प्रागच्या सास्का गल्लीतले कारेल झेमन

प्रागचा चार्ल्स पूल ओलांडून माला स्त्राना भागात पोहोचल्यावर बहुतेक प्रवासी किल्ल्याच्या चढाकडे वळतात. मी मात्र पुलाजवळच्या सास्का गल्लीत शिरलो, कारण अ‍ॅनिमेशनपट बनवणाऱ्या कारेल झेमन यांचे २०१२ साली उघडलेले संग्रहालय तिथे आहे आणि प्रागला येण्यामागे माझा मुख्य हेतू तेच पाहण्याचा होता.

१९१० साली जन्मलेले झेमन जाहिरातींची आणि दुकानांच्या दर्शनी सजावटीची कामे करत १९४३ मध्ये झ्लीन या चेक शहरातल्या चित्रपट स्टुडिओत दाखल झाले. आपल्याकडे घरोघरी ठाऊक असलेल्या बाटा कंपनीने तो स्टुडिओ मुळात आपल्या जाहिरातपटांसाठी उभारला होता. तिथे बाहुलीपटांपासून सुरुवात करून १९४९ च्या ‘इन्स्पिरात्से’मध्ये (म्हणजे ‘प्रेरणा’) त्यांनी चक्क काचेच्या बाहुल्या हलवून दाखवल्या. मुळात ताठ आणि ठिसूळ असलेल्या काचेला इतकी नजाकत आणणारा हा लघुपट मला त्यांच्या साऱ्या कामात सर्वांत धाडसी वाटतो.

संग्रहालयात मी सर्वाधिक वेळ रेंगाळलो तो ‘विनालेझ स्काझी’ (म्हणजे ‘विनाशाचा शोध’) या १९५८ च्या चित्रपटापाशी. फ्रेंच लेखक ज्यूल व्हर्नच्या कादंबऱ्यांच्या जुन्या आवृत्त्यांत कोरीव ठशांची जी चित्रे असत, त्यांतील बारीक समांतर रेषा झेमन यांनी नेपथ्यावर आणि वेशभूषेवरही उतरवल्या, त्यामुळे हाडामांसाचे नट त्या छापील जगातच जन्मल्यासारखे दिसतात. त्याच वर्षी ब्रुसेल्सच्या जागतिक प्रदर्शनात या चित्रपटाला सर्वोच्च पारितोषिक मिळाले. त्याआधीच्या, १९५५ च्या ‘त्सेस्ता दो प्राव्हेकू’मध्ये (म्हणजे ‘आदिम काळाकडे प्रवास’) चार मुले नावेतून प्रागैतिहासिक काळात मागे मागे जातात, त्यातील प्राणी चेक चित्रकार झ्देन्येक बुरियान यांच्या चित्रांच्या आधारे घडवलेले आहेत. अशा दृश्यांमागची युक्ती इथे उघड करून दाखवलेली आहे: कॅमेऱ्याजवळची लहान प्रतिकृती आणि दूर उभा असलेला माणूस एकाच चौकटीत नेमके जुळले की प्रमाणाचा भास तयार होतो. रहस्य कळल्यावर माझे कुतूहल उलट वाढलेच, कारण ही जुळणी संगणकाविना, केवळ डोळ्याच्या आणि हाताच्या अचूकतेवर साधलेली होती.

१९७० च्या ‘ना कोमेत्ये’ (म्हणजे ‘धूमकेतूवर’) या चित्रपटानंतर मात्र नट आणि रेखाटन यांचा हा संगम सोडून झेमन कागदी कातरचित्रांकडे वळले, सिंदबादच्या सफरी त्यांनी त्याच तंत्राने रंगवल्या आणि १९८० पर्यंत ते चित्रपट करत राहिले. एवढी कीर्ती मिळवून देणारी शैली साठीत बाजूला ठेवून नव्या साहित्याला हात घालण्याची त्यांची ही तयारी मला पारितोषिकांहून मोठी वाटते.